कापून ठेवलेली नजर

डिंक अजून ओला होता. पोस्टरचा खालचा कोपरा भिंतीपासून सुटून वाऱ्यावर हलत होता, आणि बोटीने या किनाऱ्याला येऊन औषधाच्या दुकानाकडे निघालेली बेहिजे हानम थांबली ती त्या हलत्या कोपऱ्यामुळेच. वर बघायचं तिच्या मनात नव्हतं. रस्त्याने चालताना नजर खाली, ओठांत अल्लाचं नाव, ही तिची वर्षानुवर्षांची सवय. त्यातून आज गुरुवार, रोज्याचा दिवस. सोमवारी आणि गुरुवारी ती पोटाबरोबर डोळ्यांचा आणि जिभेचाही रोजा धरी. त्या दिवशी खोटं म्हणून बोलायचं नाही, अगदी शेजारणीच्या बेचव भरल्या वांग्यांनाही छान म्हणायचं नाही. पण कोपरा फडफडला, नजर उचलली गेली, आणि भिंतीवरून एक बाई तिच्या खांद्याच्या जरा पलीकडे बघताना दिसली. सरळ नाही, किंचित बाजूला. बेहिजेच्या उजव्या खांद्याशी कुणी येऊन उभं राहिलंय आणि हलक्या आवाजात काही सांगतंय, ते ती ऐकते आहे, अशी. बेहिजेने चक्क वळून मागे पाहिलं. मागे मासळीवाल्याच्या लाल परातींची रांग होती आणि परातीखाली अंग चाटत बसलेलं मांजर. दुसरं कुणी नव्हतं. मग तिने पुन्हा वर पाहिलं.

चेहरा नटी मेहलिकाचा होता, त्यात नवल नव्हतं. एके काळी न्हाव्यांच्या आरशांवर, ट्रकच्या काचांवर, शिपायांच्या पेट्यांच्या झाकणांत तो चेहरा चिकटवलेला असे. खाली ठळक अक्षरांत 'मुनीप आक्येल यांचे चित्रपट' असं छापलं होतं, त्यातही नवल नव्हतं. मुनीप तिचा नवरा, आणि शनिवारच्या सत्काराला त्याला चाकाच्या खुर्चीवरून घेऊन येते म्हणून तिनेच फोनवर कबूल केलं होतं. नवल होतं ते त्या नजरेचं. मुनीपच्या दीडशेवर चित्रपटांतल्या एकातही ती नजर नाही. हे जगात एकट्या बेहिजेला ठाऊक होतं, कारण ते सगळे चित्रपट तिने कापले आणि जोडले होते. ती नजर तिने स्वतःच्या हाताने, स्वतःच्या ब्लेडने काढून टाकली होती. एकदा नाही, पुन्हा पुन्हा, वर्षानुवर्षं, जिथे जिथे उगवेल तिथे तिथे, बागेतलं तण खुडावं तशी. आणि आता ती बेशिक्ताशच्या बाजारात भिंतीवर येऊन बसली होती, सगळ्या येणाऱ्याजाणाऱ्यांच्या खांद्यांपलीकडे बघत.

माझा डबा उघडला कुणीतरी, तिच्या मनात आलं. औषध राहिलं. ती वळली आणि टेकडीच्या चढाला लागली. जुने चित्रपट सांभाळून ठेवणाऱ्यांचं कार्यालय वर चिनारांच्या रांगेमागे होतं. गुडघे कुरकुरत होते, पोट रिकामं होतं, तोंडातला जप तुटून तुटून येत होता. सुबहानल्ला, म्हणताना मध्येच ती नजर. अलहम्दुलिल्ला, पुन्हा ती नजर. इतक्या वर्षांत हे काही बदललं नव्हतं. मशिदीत बायकांना शिकवायला येणारी म्हातारी होजा हानम एकदा म्हणाली होती की हेवा पुण्याला असा खातो, जसा विस्तव सुक्या लाकडांना. सगळ्या बायका माना डोलावत होत्या. बेहिजेला मात्र आपल्या पोटात तो विस्तव प्रत्यक्ष दिसला होता, आणि त्याच्या भोवती रचून ठेवलेले आपले रोजे, आपल्या माळा, आपले पहाटेचे नमाज. सगळं कसं छान वाळलेलं, पेट घ्यायला तयार.

त्या काळी चित्रपट मुके काढत आणि नंतर त्यांत आवाज भरत. बेयोलूच्या सिनेमावाल्यांच्या गल्लीत एकेक दिग्दर्शक वर्षाला आठ-दहा चित्रपट काढी. अदनाच्या वितरकाला रडणारी आई हवी असे, इझमीरच्याला गाणी, समसूनच्याला मारामारी. तिघांचं समाधान एकाच पटात करायचं आणि तो पुरा होण्याआधी त्याच बंगल्यात, त्याच जिन्यावर दुसरा सुरू करायचा. सकाळी मेहलिका त्या जिन्यावरून गरीब शिवणकामवाली म्हणून अपमान सोसत उतरे आणि दुपारी तोच जिना फरचा कोट घालून मालकीण म्हणून चढे. संवाद पाठ करायला सवड कुणाला? कॅमेऱ्याशेजारी एक माणूस कागद घेऊन उभा राही, वाक्य मोठ्याने सांगे, नट ते तसंच म्हणून ओठ हलवी. नंतर नाटकातली माणसं येऊन त्या ओठांत आवाज घालत. मेहलिकाच्या ओठांत तर सगळा जन्म दुसऱ्याच बाईचा आवाज होता. दुसऱ्या दिग्दर्शकांकडे वाक्यं सांगायला पोरं ठेवलेली असत. मुनीपला ते मान्य नव्हतं. "पोरगं वाक्य सांगतं, भाव कोण सांगणार?" असं म्हणून तो स्वतः कॅमेऱ्याच्या काचेला खेटून उभा राही आणि स्वतःच्या आवाजात बोले. मी तुझ्याशिवाय जगू शकत नाही. तू गेलीस तर हे घर मसणवटा होईल. तुझ्या पावलांची माती मी डोळ्यांना लावीन. सकाळपासून दिवे विझेपर्यंत, आठवड्याचे सगळे दिवस, तो हे शब्द मेहलिकाच्या तोंडावर बोलत राही, आणि मेहलिका ते त्याच्या तोंडावर परत बोलत राही, कारण तिचा नायक बहुधा दुसऱ्याच चित्रपटात अडकलेला असे.

आणि घरी आला की मुनीपच्या घशाला सुट्टी. बेहिजे लिंबाच्या फुलांचा चहा करून मधाबरोबर पुढे ठेवी. तो दोन्ही हातांनी पेला धरी, डोळे मिटी. मीठ हवं असलं तर बोटांची चिमूट दाखवी. खिडकी लाव म्हणायचं असलं तर तळहात मिटी. रागावला नसे, रुसला नसे, त्याच्यात तसलं काही नव्हतंच. शब्द बाहेर संपलेले असत, इतकंच. पेला रिकामा करून तो तिच्याकडे बघून हसे आणि झोपायला जाई. लोक म्हणत, "नशीबवान आहेस, बेहिजे हानम, तुझा नवरा आवाज चढवत नाही." ती मान डोलावी. आवाज चढवला असता तर निदान कानावर तरी पडला असता.

त्याचा आवाज तिच्या टेबलावर येतही नसे. टेबलावर येत त्या मुक्या पट्ट्या. ती पट्टी दिव्यासमोर धरी, मग यंत्रातून फिरवी. इतकी वर्षं आवाजाविना चेहरे बघून बघून तिला कुणाचेही ओठ वाचता येत. बोटीवर पलीकडच्या बाकावर भांडणारं जोडपं काय बोलतंय ते तिला नको असताना कळे. पण मुनीप चौकटीत नसे. तो काचेच्या या बाजूला, बाहेर. चौकटीत फक्त मेहलिका, तिला काही बोलायचं नसताना, नुसतं ऐकायचं असतानाचा तिचा जवळून घेतलेला चेहरा. ओठ मिटलेले, पापण्या स्थिर, आणि मग कुठूनतरी एक शब्द येऊन तिला लागे. ते बेहिजेला दिसत असे, पाण्यात खडा पडल्यासारखं. डोळे किंचित बाजूला वळत, काचेशेजारच्या त्या अदृश्य माणसाकडे, आणि असे भरून येत, असे आसुसत, की बेहिजेचा हात यंत्रावरून निसटे. कथेप्रमाणे तिथे कुणीच काही बोलत नसायचं. कागदावर लिहिलेलं असायचं, 'ऐकते.' मग तो काय बोलत होता? तिला एवढंच हवं होतं. सोन्याची बांगडी नको, हजला जाणं नको. तो त्या बाईला काय सांगत होता तेवढं कळू दे. ते विचारायला तिची जीभ कधी उचलली नाही. विचारावं आणि त्याने सांगावं, किंवा त्याने नुसता तळहात मिटून दाखवावा. दोन्हींची तिला सारखीच धास्ती होती.

ती कापू लागली. नजर उगवली रे उगवली की ब्लेड. पुढचा तुकडा खरवडायचा, त्याला डिंक लावायचा, दाबायचं. बोटांना त्या द्रवाचा उग्र वास. मुनीपने एकदा पडद्यासमोर बसून विचारलं होतं, "बेहिजे, ही येते न येते तोच जाते कुठे?"

"लांबतं," ती म्हणाली होती.

तो पुन्हा पडद्याकडे वळला. मग म्हणाला, "तुझी कात्री बरोबर आहे." आणि पुन्हा कधी विचारलं नाही.

एका उन्हाळ्यात उस्कुदारच्या उघड्या मैदानावरच्या पडद्याशी ती शेवटच्या रांगेत, डोक्याचा रुमाल पुढे ओढून बसली होती. आजूबाजूला सूर्यफुलाच्या बिया फोडल्याचा आवाज, लिंबाच्या सोड्याच्या बाटल्या, निजलेली मुलं. मेहलिकाचा चेहरा पडद्यावर आला आणि नाहीसा झाला. साऱ्या मैदानातून एक उसासा उठला, 'आह', घास तोंडाशी येऊन परत गेल्यासारखा. बिया फोडणं थांबलं. पुढची बाई नवऱ्याला म्हणाली, "अगो बाई, पाहिलंस का? दिसली न दिसली तोच गेली. पुन्हा दाखवायला सांग ना!" अदनाच्या वितरकाने तर कळवलं होतं, लोक तोच चित्रपट पुन्हा पुन्हा बघतात, त्या बाईचा चेहरा पुरेसा मिळत नाही म्हणून. बेहिजेने जिला पुसून टाकायला घेतलं होतं तिला तिनेच तारका करून टाकलं. जितकं ती कापी तितकी लोकांची भूक वाढे. ह्याहून क्रूर थट्टा अल्लाने कुणाची केली असेल असं तिला वाटत नव्हतं. पण म्हणून तिला थांबवतही आलं नाही.

कापलेले तुकडे इतरांसारखे टेबलाखालच्या पिशवीत टाकून दिले असते तर प्रश्न मिटला असता. ते तिच्याने होईना. पांढऱ्या पनीरचा एक रिकामा पत्र्याचा डबा तिने धुवून घेतला होता, त्यात ती ते ठेवी, झाकण लावी आणि वर पाणी उकळायची किटली. पुढे गल्लीतला धंदा बसला, संकलनाच्या खोलीला कुलूप लागलं, तेव्हा तिने तो डबा प्रयोगशाळेच्या तळघरात इतर अडगळीबरोबर सोडला आणि घरी येऊन अंघोळ केली. सोमवार-गुरुवारचे रोजे त्याच सुमारास धरले होते तिने. मागणं एकच होतं: या माणसाचा आवाज माझ्या घरी येऊ दे, बाहेर कुणाकडे जाऊ देऊ नको. दोन वर्षांपूर्वी एका सकाळी मुनीपचा पेला हातातून पडला, तोंड एका बाजूला ओढलं गेलं, आणि तेव्हापासून त्याच्या घशातून वाऱ्याखेरीज काही निघत नाही. बोलणं सगळं कळतं, डोळे तेच आहेत, ओठ हलतात. शब्द तेवढे गेले. म्हणजे मागणं अर्धं पुरं झालं. आवाज बाहेर कुणाकडे जात नाही. असा विचार मनात आला की ती उठून हातपाय धुवून घेई.

कार्यालयाच्या दारातच हालुक बेय भेटला. शनिवारचा सत्कार त्यानेच मांडला होता. पन्नाशीचा, नेहमी घाईत असणारा, गळ्यात चष्मा अडकवलेला, थोरल्या बहिणीला म्हणावं तसं तिला आब्ला म्हणणारा माणूस. "बेहिजे आब्ला! तुम्ही चढ चढून आलात? फोन करायचा, गाडी पाठवली असती."

"डबा कुणी उघडला?" ती म्हणाली. तिचा आवाज कधी मोठा होत नसे. आताही झाला नाही.

"कुठला डबा?" आणि मग त्याचा चेहरा उजळला. "पनीरचा? अहो, खजिना आहे तो! तळघर पाडताना सापडला. आम्हाला आधी वाटलं, खरंच पनीर." तो एकटाच हसला. "शनिवारी सुरुवात त्याच्यानेच करतोय. सगळे तुकडे एकापुढे एक लावून. आवाज नाही, काही नाही, नुसत्या नजरा. कुठला कुठल्या चित्रपटातला ते मात्र लागेना, म्हणून मेहलिका हानमना बोलावलंय. आत बसल्यात."

आतून धुराचा वास आला आणि एक घोगरा, खर्जातला, मिनीबसवर गिऱ्हाइकं गोळा करणाऱ्याला शोभावा असा आवाज. "कोण आलंय रे, हालुक? पावलं ओळखीची वाटतात. कात्रीवाली तर नाही?"

बेहिजे आत गेली. मेहलिका खुर्चीत पाय पसरून बसली होती. जाड झाली होती. केस तांबडे रंगवलेले, काठी मांडीवर, बोटांत सिगारेट. ती अर्धवट उठली आणि तिने बेहिजेच्या दोन्ही गालांचे मुके घेतले. "ये, आब्ला, ये. बघ तुझ्या पापाचा ढीग. एवढी कापलीस तू मला? माझ्या मुलीच्या लग्नात कापलेला केक एवढा नव्हता."

"लांबत होतं," बेहिजे म्हणाली, आणि लगेच तिला आठवलं, आज रोजा. तिने ओठ मिटले. मग हळूच म्हणाली, "लांबत नव्हतं. बघवत नव्हतं."

मेहलिकाने सिगारेट विझवली. हालुक बेयला म्हणाली, "बाळा, आम्हाला चहा आण."

"माझा रोजा आहे," बेहिजे म्हणाली.

"तिचा रोजा आहे. मग मला दोन आण. आणि सावकाश आण." तो गेल्यावर तिने समोरच्या यंत्राचं बटण दाबलं. छोट्याशा पडद्यावर तरुण मेहलिका आली, ओठ मिटलेली, खोट्या पापण्यांची. शब्द येऊन लागला, डोळे बाजूला वळले, भरले. पट्टी संपली. लगेच दुसरी. फरचा कोट. पुन्हा तेच डोळे. तिसरी, रुग्णालयाच्या खाटेवर.  इतक्या वर्षांनीही तो विस्तव तसाच, तितकाच, जणू मध्ये काही गेलंच नव्हतं. समोरची बाई गुडघ्यांना तेल चोळते, आपल्याला दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, ज्याच्यावरून हे सगळं तो खुर्चीत मान वाकडी करून बसलेला, आणि तरी.

"बघवत नव्हतं म्हणजे?" मेहलिका पडद्याकडे बघतच म्हणाली. "तुला काय वाटत होतं, माझा जीव जडलाय त्याच्यावर?"

"आंधळ्यालाही दिसलं असतं."

"जडला होता. खोटं कशाला बोलू? असला आवाज, कानात मध ओतल्यासारखा. पण आब्ला, तू संकलक ना? चेहऱ्यांची वाचक ना तू? जरा नीट बघ. ही काय प्रेमाची नजर आहे?"

बेहिजेने पाहिलं. पहिल्यांदाच तिने एक तुकडा शेवटापर्यंत पाहिला. डोळे भरतात, आसुसतात, आणि अगदी शेवटी खालची पापणी किंचित आकसते, कडू घोट गिळल्यासारखी. ती पापणी तिने कुठेतरी पाहिली होती. पहाटे, नमाजाआधी तोंड धुताना, नळावरच्या लहान आरशात.

"काय सांगत होता तो तुला?" तिने विचारलं. विचारलं गेलं. इतकी वर्षं पोटात वाढलेलं वाक्य इतकं साधं निघालं.

"तुझ्याबद्दल," मेहलिका म्हणाली. "दुसरं काय! रडायचं असलं की मला रडू येत नसे, माहीत आहे ना? कांदा लावला तर पापण्यांचा डिंक सुटायचा. एके दिवशी त्याने ओळखलं की ह्या पोरीला काय बोचतं. मग चालू. कॅमेरा फिरतोय, आवाज काही टिपला जात नाही, ऐकणारी मी एकटी. म्हणायचा, 'आज सकाळी बेहिजे खिडकीत उभी राहून ओले केस वाळवत होती. मी झोपेचं सोंग घेऊन पडलो होतो. तिला वाटतं मी तिला बघत नाही.' असं म्हणायचा. मी ऑगस्टच्या उन्हात फरचा कोट घालून उभी, पाठीवरून घाम ओघळतोय, आणि हा मला तुझे केस सांगतोय! माझे डोळे भरणार नाहीत तर काय होतील? हेवा होता तो, बाई. नुसता हेवा. सबंध देश त्याला प्रेम समजून बसला, ते सोड, पण तू?"

बेहिजेने खिडकीकडे पाहिलं. बाहेर चिनारांची पानं जमिनीवर घसटत होती. सुटल्यासारखं वाटायला हवं होतं. छातीवरचा धोंडा उतरला, असं काहीतरी. तिने वाट पाहिली. तसं काही आलं नाही. आलं ते दुसरंच. ते केस माझे होते. ते शब्द माझे होते. माझ्या घरी चिमूट आणि मिटलेला तळहात, आणि माझ्या वाटणीचा मध हिच्या कानात. हिने तो साठवला, ही आजही तो तोंडपाठ म्हणते आहे. नवरा चोरला असता तर परत मागता तरी आला असता.

"आणखी काय म्हणाला?" तिने विचारलं.

मेहलिका तिच्याकडे बघून हसली. त्या हसण्यात तीस वर्षांपूर्वीचा सगळा बेयोलू होता. "अहाहा! सगळं देऊ? तुला सबंध नवरा मिळाला, आब्ला. जेवण, झोप, घोरणं, सगळं. माझ्याजवळ एवढंच आहे."

"तेसुद्धा माझंच आहे."

"असेल. पण सांगितलं मला." तिने नवी सिगारेट काढली, पेटवली नाही. बोटांत फिरवत राहिली. मग तिचा चेहरा जरा सैल झाला. "बरं, ऐक. एकदा म्हणाला, 'तिच्या बोटांना फिल्मच्या डिंकाचा वास येतो, कणीक मळली की पावालाही येतो. मी तो पाव खातो आणि काही बोलत नाही. बोललो तर ती बोटं घासून घासून सोलून काढील.' आणि एक रुग्णालयाच्या खाटेवरचं, हे आताच पाहिलंस ते. म्हणाला, 'बेहिजे नमाज झाला की चटईची घडी करते आणि ठेवण्याआधी तिला हळूच थोपटते, जसं...' आणि तेवढ्यात रीळ संपलं. कॅमेरावाला ओरडला, दिवे गेले, सगळे जेवायला पळाले. जसं काय? मला तेव्हा विचारायचं सुचलं नाही. आणि नंतर विचारायला लाज वाटली. आता तर त्याचं बोलणंच गेलं. पण खरं सांगू, झोप लागत नसली की ते 'जसं' येऊन बसतं उशाशी. कधी कळलं तुला, तर शनिवारी मला सांग हां. एवढं तरी माझं देणं लागतेस. तुझ्या कात्रीने मला मोठी केली, पण छळलंससुद्धा खूप."

"पाहू," बेहिजे म्हणाली आणि उठली. चहा घेऊन येणारा हालुक बेय तिला दारात भेटला. "तुकडे लावू ना मग, आब्ला? तुमची परवानगी आहे?" तिने वळून पडद्याकडे पाहिलं. तिथे तरुण मेहलिका कुणाच्यातरी बायकोच्या केसांचं ऐकत होती. "लाव," ती म्हणाली. "लोकांना काय कळतंय!"

घरी परतताना बोटीवर ती आत बसली नाही. मागच्या बाजूला उभी राहिली, वारा तोंडावर घेत. उस्कुदारचे मिनार जवळ येत होते. ओले केस. कुठल्या सकाळी? ती रोजच वाळवत असे. म्हणजे रोजच तो जागा? पाठीमागे इतकी वर्षं एक नजर होती आणि तिने एकदाही वळून पाहिलं नाही. आज बाजारात मात्र एका कागदाच्या बाईसाठी वळली. औषध राहिलं ते तिला धक्क्यावर उतरल्यावर आठवलं. ते तिने महाग असलं तरी कोपऱ्यावरच्या दुकानातून घेतलं.

घरी शेजारीण मुनीपपाशी बसून विणत होती. "आज शहाण्यासारखे बसलेत," तिने सांगितलं आणि ती गेली. अजान झाली. बेहिजेने एक ऑलिव्ह आणि घोटभर पाणी घेऊन रोजा सोडला, नमाज केला, चटईची घडी घातली. हात आपोआप त्या घडीवर गेला आणि मध्येच थांबला. खरंच की. थोपटत होती ती. स्वतःचा हात असा दुसऱ्याचा असल्यासारखा तिने कधी पाहिला नव्हता. तिने मान वळवली. खुर्चीतून मुनीप बघत होता. झोपेचं सोंग आता त्याला जमत नसे.

मसुराचं सूप तिने त्याला चमच्याने भरवलं, हनुवटी पुसली, मग स्टूल ओढून त्याच्या खुर्चीच्या उजव्या बाजूला बसली. समोर नाही, जरा बाजूला, कॅमेऱ्याच्या काचेशेजारी उभं राहावं तशी. का ते तिलाही नीट कळलं नाही. दिवा त्याच्या तोंडावर होता. ती हलक्या आवाजात म्हणाली, "आज सकाळी बेहिजे खिडकीत उभी राहून."

मुनीपने तिच्याकडे पाहिलं. मग त्याच्या चेहऱ्यावर काहीतरी जागेवर आलं. जुनी शिस्त, सेटवरची. त्याने मान शक्य तेवढी सरळ केली आणि ओठ हलवले. आज सकाळी बेहिजे खिडकीत उभी राहून. आवाज नव्हता, पण आवाज आजवर होता कुठे? मुक्या पट्ट्याच तर तिने जन्मभर वाचल्या. आज पहिल्यांदा तो चौकटीत होता.

"ओले केस वाळवत होती," ती म्हणाली. त्याचे ओठ तिच्यामागून आले. "मी झोपेचं सोंग घेऊन पडलो होतो." आले. डावीकडचा कोपरा लटका पडत होता, तरी अक्षर न अक्षर स्पष्ट होतं. ती एकेक वाक्य सांगत गेली, डिंकाचा वास, पाव, बोटं. आपल्यावरचं प्रेम आपणच त्याला सांगायचं आणि त्याने ते आपल्याला परत द्यायचं. तेही एका घोगऱ्या बाईकडून मागून आणलेलं. लाज वाटायला हवी होती. वाटली नाही. "बेहिजे नमाज झाला की चटईची घडी करते," ती म्हणाली. "आणि ठेवण्याआधी तिला हळूच थोपटते, जसं."

इथे रीळ संपलं होतं. ती थांबली.

त्याचे ओठ 'जसं'पर्यंत आले, आणि थांबले नाहीत. सांगणारं कुणी नसताना ते पुढे गेले, सावकाश, एकेक आकार चाचपत. बेहिजेने आपले डोळे त्याच्या तोंडावर रोवले. जसं निजलेलं मूल.

ज्या खोलीला त्यांनी लग्नानंतर पाळण्यासाठी निळा रंग दिला होता आणि जी नंतर कोठीची खोली झाली, तिच्या दाराकडे दोघांनीही पाहिलं नाही. त्याविषयी या घरात कधी कुणी एक शब्द बोललं नव्हतं. तिला वाटलं होतं, त्याला आठवतही नसेल. मुनीप तिच्याकडे बघत होता, आणि ती नजर उगवत होती, डोळ्यांच्या कडांतून, भरत, आसुसत. तिच्या उजव्या हाताच्या बोटांना सवयीने ब्लेडची आठवण झाली. तिने हात मांडीवर ठेवून दिला. लांबू दे, ती मनाशी म्हणाली. हवं तितकं लांबू दे.

पुष्कळ वेळाने तिने त्याच्या गुडघ्यावरचं पांघरूण नीट केलं आणि त्यावर हात फिरवला. शनिवारी मेहलिका तांबडे केस फुगवून येईल, सगळ्यांसमोर गालांचे मुके घेईल आणि कानाशी लागून विचारील, कळलं का गं आब्ला, जसं काय? आणि ती म्हणेल, नाही बाई, कसं कळणार, त्याचं बोलणंच गेलं.

तिला मनातल्या मनात दचकायला झालं. मग तिने बोटांवर वार मोजून पाहिले. शनिवारी तिचा रोजा नव्हता.